दरोडेखोर दारात, चोर तिजोरीपाशी

मोठ्या तयारीने दरोडा घालावा आणि तिजोरी आधीच रिकामी निघावी, अशी फजिती एका फ्रेंच संगीत प्रहसनात आहे. ‘ले ब्रिगां’ म्हणजे ‘दरोडेखोर’. १० डिसेंबर १८६९ रोजी ते पॅरिसच्या व्हारिएते नाट्यगृहात प्रथम रंगले. संगीत जाक ऑफेनबाख यांचे, शब्द मेलाक आणि आलेव्ही या जोडीचे.

गोष्ट इटलीतल्या मांतुआ या छोट्या संस्थानाची. तिथल्या ड्यूकचे लग्न ग्रॅनडाच्या राजकन्येशी ठरले आहे आणि वऱ्हाडाबरोबर येणाऱ्या स्पॅनिश मंडळींना जुन्या देण्यापोटी तीस लाख द्यायचे आहेत. ही बातमी फाल्साकाप्पा या दरोडेखोराला लागते. तो आपल्या माणसांना स्पॅनिश पोशाख चढवतो, मुलीला राजकन्या करतो आणि थेट दरबारात शिरतो. तिथे कळते ते असे, की खजिनदाराने सारी रक्कम बायकांच्या नादात कधीच उडवली आहे. कुंपणानेच शेत खाल्ले, दरोडेखोर उपाशी!

मांतुआ हे नुसते नाव. त्या काळी फ्रान्समध्ये सेन्सॉरच्या परवानगीशिवाय नाटक होत नसे. त्यामुळे घरातले बोलायचे तर गाव परके घ्यावे लागे. तिसऱ्या नेपोलियनचे राज्य होते. पॅरिसचे रुंद रस्ते उभे राहत होते आणि त्यांच्यासाठी काढलेल्या कर्जांचा हिशेब मागणारे ज्यूल फेरी यांचे लिखाण १८६८मध्येच गाजले होते. प्रेक्षक मांतुआच्या खजिनदाराला हसले, पण त्यांना तो ओळखीचा वाटला असणार.

पुढच्याच वर्षी, जुलै १८७०मध्ये, फ्रान्सने प्रशियाशी युद्ध पुकारले. २ सप्टेंबरला सेदान येथे सम्राट कैद झाला आणि दोन दिवसांत साम्राज्य संपले. १८७१च्या तहात पाच अब्ज फ्रँकची खंडणी मान्य करावी लागली. ती अर्थात साऱ्या देशाने भरली.

या प्रहसनातले सशस्त्र शिपाई बुटांचा खाडखाड आवाज करत येतात, तोवर दरोडेखोर पसार झालेले असतात. ‘त्या शिपायांसारखे येणे’ हा फ्रेंच भाषेत वाक्प्रचारच झाला. आपण म्हणतो, वरातीमागून घोडे. लोकांच्या तोंडी ते उशिरा येणारे शिपाई राहिले. पण एकदा तरी ते वेळेवर आले असते तर? दारातले दरोडेखोर सापडले असते, तिजोरी मात्र रिकामीच राहिली असती. कारण तिची किल्ली ज्याच्या कमरेला होती, त्याला पकडायला त्यांना कोणी पाठवलेच नव्हते.