व्होलटाइल: एका उडत्या शब्दाची गोष्ट

'मार्केट फार व्होलटाइल आहे' हे आपण सारखं ऐकतो. पण हा शब्द मुळात बाजारातला नाहीच. लॅटिनमध्ये 'वोलारे' म्हणजे उडणं आणि 'वोलाटिलिस' म्हणजे उडणारा. फ्रेंच लोक खाण्याच्या कोंबड्या-बदकांना 'व्होलाय' म्हणतात, तेही याच घराण्यातलं. (कोंबडी किती उडते ते सोडा.) व्हॉलीबॉलमधलं 'व्हॉली'सुद्धा तिथलंच.

पुढे किमयागारांनी तो उचलला, वाफ होऊन निघून जाणाऱ्या पदार्थांसाठी. आपणही म्हणतोच ना, कापूर उडाला! म्हणून तर डबीत मिरे टाकतात. मग इंग्रजीत तो माणसांना चिकटला: क्षणात हसणार, क्षणात चिडणार. भावांची पाळी त्यानंतरची.

माझा आवडता अर्थ मात्र सी भाषेतला. 1978 च्या केर्निगन-रिची पुस्तकात हा शब्द नव्हता. 1989 च्या सी मानकात आला. कंपायलर हुशार असतो. व्हेरिएबल कोडमध्ये कुठे बदलत नाही असं दिसलं, की तो एकदा वाचलेली किंमतच वापरत राहतो. पण ती किंमत बाहेरून एखादा सेन्सर बदलत असेल तर? लूप तिथेच फिरत बसतो. 'व्होलटाइल' लिहिलं की दर वेळी मेमरीत जाऊन नव्याने बघणं भाग पडतं. माणसाला हा शब्द लावला की टोमणा होतो. इथे ती फक्त सूचना आहे, आणि मला ती जास्त प्रामाणिक वाटते.

रॅमलाही व्होलटाइल म्हणतात, जरा वेगळ्या अर्थाने. लाइट गेली की त्यातलं सगळं जातं. आणि तेव्हा आपण मराठीत काय म्हणतो? डेटा उडाला.