थेरींनी धम्म शिकवला, मग विहारात आपल्या बाया मागच्या रांगेत का?

मनुस्मृतीवर बोट ठेवले की समोरून एक ठरलेला प्रश्न येतो. "तुमच्या बुद्धाने तरी बाईला कुठे समान मानले? तिला नाइलाजाने संघात घेतले आणि वरून आठ अटी घातल्या." या प्रश्नापुढे आपले काही तरुण गप्प बसतात, काही चिडतात. दोन्हीची गरज नाही. याचे उत्तर इतिहासात आहे. मात्र ते उत्तर आपल्यालाही सोडत नाही, हे आधीच सांगून ठेवतो.

आक्षेपाचा आधार विनयपिटकातील चुल्लवग्ग आहे. महाप्रजापती गौतमीने तीनदा संघप्रवेश मागितला आणि तीनदा नकार मिळाला. मग ती केस कापून, शाक्य स्त्रियांना सोबत घेऊन पायी वैशालीला गेली. आनंदाने तथागतांना विचारले, स्त्री अर्हत होऊ शकते का? उत्तर आले, होऊ शकते. म्हणजे कुवतीचा प्रश्न तिथेच मिटला. त्यानंतर मात्र ग्रंथात आठ गरुधम्म येतात. शंभर वर्षांपूर्वी उपसंपदा घेतलेल्या भिक्खुणीनेही आजच भिक्खू झालेल्याला वंदन करावे, हा त्यातला पहिला.

आता हाच ग्रंथ नीट वाचू. गरुधम्मांपैकी एका नियमात दोन वर्षे शिक्षण घेतलेल्या 'सिक्खमाना'चा उल्लेख आहे. भिक्खुणी संघ अजून जन्मालाच आला नव्हता, तर उमेदवार स्त्रियांचा हा वर्ग आला कुठून? पुढे राजगृहाच्या पहिल्या संगीतीची हकिकत येते. स्त्रियांना प्रवेश मिळवून दिला म्हणून तिथे भिक्खूंनी आनंदावर ठपका ठेवला. मला यात दोष दिसत नाही, असे आनंदाने सांगितले. ज्या गोष्टीला खुद्द तथागतांनी मान्यता दिली, तिच्यावर त्यांच्या महापरिनिर्वाणानंतर ठपका का यावा? विरोध कुणाच्या मनात होता, हे यातून दिसते. आणि ग्रंथ जपणारे, पाठ करणारे हातही त्यांचेच होते.

बाबासाहेबांनी हेच केले. 'हिंदू स्त्रीची उन्नती आणि अवनती' या विषयावरचा त्यांचा लेख १९५१ मध्ये महाबोधी सोसायटीच्या नियतकालिकात आला. स्त्रियांच्या अवनतीला बुद्ध जबाबदार आहे, या आरोपाला ते उत्तर होते. महापरिनिब्बान सुत्तात स्त्रियांकडे पाहू नका, त्यांच्याशी बोलू नका असा जो उतारा आहे, तो नंतरच्या भिक्खूंनी घुसडला, असे त्यांनी मांडले. ग्रंथात आहे म्हणून खरे, असे त्यांनी मानले नाही. बुद्धाच्या वागण्याशी ते जुळते का, हे त्यांनी तपासले. याच सुत्तात तथागत आम्रपालीचे भोजनाचे निमंत्रण स्वीकारतात!

आता स्त्रियांचीच साक्ष काढू. थेरीगाथेत ७३ रचना आहेत. त्यातली पुण्णिका अनाथपिंडकाच्या घरची, दासीच्या पोटची. कडाक्याच्या थंडीत पाणी भरणारी ही बाई पापक्षालनासाठी नदीत बुडणाऱ्या ब्राह्मणाला विचारते, पाण्याने पाप धुतले जात असेल तर बेडूक, कासव, मगर सगळेच स्वर्गात जातील ना? आणि नदी पाप वाहून नेते, तर पुण्यही नेईल की! जिला वेदाचा शब्द ऐकण्याचा अधिकार नव्हता, ती ब्राह्मणाला तर्क शिकवते. मज्झिम निकायातील चूळवेदल्ल सुत्तात धम्मदिन्ना आपल्या पूर्वीच्या पतीच्या एकेका कठीण प्रश्नाला उत्तर देते. ते ऐकून तथागत म्हणतात, मला विचारले असते तर मीही हेच सांगितले असते.

ग्रंथात फेरफार होतो, दगडावर तो तितका सोपा नाही. आपल्या विदर्भात, भंडारा जिल्ह्यातील पवनीच्या स्तूपावर विसमिता या उपासिकेचे दान कोरलेले आहे. रायगड जिल्ह्यातील कुडा येथे पदुमनिका या प्रव्रजितेने लेणे दान दिले. लेखात तिच्या शिष्यांची, बोधी आणि आसाळ्हमिता यांची नावे आहेत. म्हणजे सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी महाराष्ट्रात स्त्री गुरू होती, तिला शिष्या होत्या आणि दान देण्याइतके साधन तिच्या हातात होते.

मग ही परंपरा तुटली कशी? भारतात भिक्खुणी संघ नाहीसा झाला, श्रीलंकेतही अकराव्या शतकाच्या सुमारास संपला. त्यानंतर नियमाचे कुलूप लागले. उपसंपदेला भिक्खुणी संघ हवा, तो नाही, म्हणून उपसंपदा नाही. १९९६ मध्ये सारनाथला श्रीलंकेच्या दहा स्त्रियांनी उपसंपदा घेतली तेव्हा हे कुलूप उघडले. तरीही अनेक भिक्खू आजवर ती मान्य करत नाहीत.

इथवर टाळ्या वाजवणे सोपे आहे. आता आपल्याकडे पाहू. आमच्या कळमेश्वरहून नागपूर जवळच. तिथे २० जुलै १९४२ रोजी सुलोचनाबाई डोंगरे यांच्या अध्यक्षतेखाली दलित महिलांची अखिल भारतीय परिषद भरली. हजारो बाया आल्या. त्यांनी घटस्फोटाचा हक्क मागितला, कायदेमंडळात प्रतिनिधित्व मागितले. समाजाची प्रगती मी स्त्रियांच्या प्रगतीवरून मोजतो, असे बाबासाहेबांनी त्यांना सांगितले. तेच माप आज आपल्या विहाराला लावून पाहा. वर्षावासात 'बुद्ध आणि त्यांचा धम्म'च्या वाचनाला रोज कोण बसते? बाया. झाडलोट, वर्गणी, खीरदान कोण करते? बाया. आणि कमिटीचा अध्यक्ष, सचिव, जयंतीच्या मंचावरचा वक्ता? बहुतेक ठिकाणी पुरुष. आपण गरुधम्म लिहून ठेवलेले नाहीत, पण पाळतो मात्र तेच.

म्हणून माझे म्हणणे साधे आहे. पुढच्या कमिटीत अध्यक्ष किंवा सचिव यांपैकी एक पद बाईकडे द्या. ग्रंथवाचनानंतर अर्थ सांगायला तिला उभे करा. मंगल परिणय लावायला, धम्मदेसना द्यायला तिला शिकवा. मग कुणी विचारले, "तुमच्या धर्मात बाईचे स्थान काय?" तर थेरीगाथेची पाने शोधावी लागणार नाहीत. त्याला विहारात घेऊन या आणि समोर बसवा.

जय भीम! नमो बुद्धाय!