माया लोक कुठं गेले?

मेक्सिको देशात युकातान नावाचा एक सपाट, चुनखडीचा मुलूख आहे. त्याच्या समुद्रकाठी कानकुन हे हॉटेलांचं शहर. तिथून रोज सकाळी थंडगार बसगाड्या सुटतात. एका दिवसाची सहल. सकाळी चिचेन इत्झाचे माया अवशेष, दुपारी सेनोतेत म्हणजे जमिनीच्या पोटातल्या नैसर्गिक विहिरीत पोहणं, मधे पोटभर जेवण, परतताना वायादोलिद गावच्या चौकात थोडे फोटो. गाईड तिकिटातच. मी गेलेलो नाही. सूतगिरणीत रिंगफ्रेमच्या भोवती आठ तास फिरणाऱ्याला कसला पासपोर्ट न् कसलं काय. पण रातपाळी सुटल्यावर हाताला लागेल ते वाचायची खोड हाय. या सहलीच्या जाहिराती वाचल्या आणि त्या मुलुखाचा इतिहासही वाचला. दोन्ही शेजारी शेजारी ठेवले आणि डोकं फिरलं. जाहिरातीत एक वाक्य हमखास असतं: 'गूढरीत्या नाहीशी झालेली माया संस्कृती'.

नाहीशी झाली म्हणे! २०२० सालच्या मेक्सिकोच्या जनगणनेत युकातानची माया भाषा बोलणारी सुमारे पावणेआठ लाख माणसं मोजली गेली. कानकुनची हॉटेलं १९७० नंतर सरकारनं आखून उभी केली, आणि ती बांधायला, झाडायला, तिथल्या चादरी बदलायला आतल्या खेड्यांतून हीच माणसं आली. म्हणजे पाहुण्याचं अंथरूण माया बाई घालते, आणि तो पाहुणा सकाळी उठून माया कुठं गेले ते बघायला बसमधे बसतो. तर मित्रहो, आपणही त्याच बसमधे बसू. गाईडचं ऐकू, आणि गाईड जिथं गप्प बसतो तिथं आपण बोलू.

पहिला मुक्काम चिचेन इत्झा. नावाचा अर्थच 'इत्झा लोकांच्या विहिरीच्या तोंडाशी'. मधोमध कुकुलकान देवाचा पिरॅमिड. चार बाजूंना एक्याण्णव-एक्याण्णव पायऱ्या आणि वरचा चौथरा धरून तीनशे पासष्ट, वर्षाचे दिवस तेवढे. वर्षातून दोनदा, दिवस-रात्र सारखे होतात तेव्हा, उत्तरेच्या जिन्याच्या कडेला उन्हाची सावली अशी पडते की साप खाली उतरतोय असं वाटतं. २००६ साली एक बाई वरून पडून मेली, तेव्हापासून चढायला बंदी. गाईड टाळी वाजवून दाखवतो, दगडातून पक्ष्यासारखा आवाज उमटतो, लोक खूश. हे सगळं खरंच आहे. शून्य वापरणारी, शुक्राच्या फेऱ्या मोजणारी माणसं होती ती.

पण हे दगड वाहिले कुणी? तिथं घोडा नव्हता, बैल नव्हता, गाडी नव्हती. लोखंडाचं हत्यार नव्हतं. दगडानं दगड फोडायचा, पाठीवर वाहायचा, जंगल तोडून भट्टी पेटवायची आणि चुना भाजायचा. माया समाजात राजे होते, पुरोहित होते, सरदार होते, खाली कष्टकरी रयत आणि तिच्याखाली गुलाम. 'माया' म्हटलं म्हणून सगळे एका पंगतीला बसत नव्हते. ज्याचं नाव दगडावर कोरलं तो राजा, आणि ज्यानं दगड वाहिला त्याचं नाव नाय. हे मी मुद्दाम सांगतो, कारण बाहेरच्यांनी केलेल्या जुलमाची गोष्ट पुढं येणार आहे, आणि ती सांगताना आतल्या जुलमावर पांघरूण घालणं आपल्याला परवडणार नाही.

पिरॅमिडपासून एक जुना चुन्याचा रस्ता उत्तरेला जातो आणि पवित्र सेनोतेशी थांबतो. सुमारे साठ मीटर रुंद गोल खड्डा, सरळ तुटलेले कडे, खाली हिरवं पाणी. गाईड आवाज खाली आणतो आणि सांगतो, इथं सुंदर कुमारिका देवाला टाकत. पाहुण्यांना ही गोष्ट फार आवडते. विहिरीतून हाडं निघाली ती पुरुषांची, बायांची आणि पुष्कळ पोरांची. बळी दिले जात, हे खरं. सुंदर कुमारिकांचं काव्य मात्र नंतरच्यांनी रचलं.

जवळच जमिनीखाली एक खोली १९६७ साली सापडली होती. त्यात शंभरावर लहान मुलांची हाडं होती. त्यातल्या चौसष्ट जणांचा जनुकीय अभ्यास २०२४ साली प्रसिद्ध झाला. चौसष्टच्या चौसष्ट मुलगे. बरेचसे तीन ते सहा वर्षांचे. त्यांत एकसारख्या जुळ्यांच्या दोन जोड्या. पुरोहितांचा देव काय मागत होता ते बघा. पण याच अभ्यासात आणखी एक गोष्ट निघाली. संशोधकांनी तिशकाकालतुयुब या गावच्या आजच्या माया रहिवाशांचे नमुने तपासले, आणि त्यांचा वंश त्या पोरांच्या लोकांशी जुळला. हजार वर्षांनी रक्तानं साक्ष दिली की आम्ही हितंच आहोत. आता यापुढं कुणी 'नाहीशी झालेली' म्हणालं तर त्याला काय म्हणावं?

त्याच विहिरीतून दुसरी चोरी झाली. १८९४ साली एडवर्ड थॉम्पसन नावाच्या अमेरिकेच्या वकिलातीतल्या माणसानं ही सगळी जागा, पिरॅमिड आणि विहिरीसकट, विकत घेतली. पिरॅमिडचं खरेदीखत! १९०४ पासून त्यानं विहिरीत गाळ उपसायचं यंत्र सोडलं. सोनं, जेड दगडाचे दागिने, हाडं वर आली आणि गुपचूप हार्वर्ड विद्यापीठाच्या पीबॉडी संग्रहालयात गेली. १९७० साली त्यातल्या काही वस्तू मेक्सिकोला परत मिळाल्या. पिरॅमिडखालची जमीन मात्र पुढंही एका धनिक घराण्याकडं राहिली. २०१० साली युकातान राज्य सरकारनं ती २२ कोटी पेसो मोजून विकत घेतली. ज्यांच्या पूर्वजांनी दगड वाहिले, ते इथल्या वाटांवर लाकडी मुखवटे मांडून बसतात आणि वाघाच्या आवाजाची शिट्टी फुंकून गिऱ्हाईक बोलावतात. पाहुणे तक्रार करतात की या फेरीवाल्यांनी अवशेषांची शांतता बिघडवली. म्हणजे मेलेला माया हवा, जिवंत माया वाटेत आडवा येतो.

आता कुणी विचारील, त्यांनी स्वतः आपला इतिहास का लिहिला नाही? लिहिला होता. झाडाच्या सालीच्या कागदावर, चुन्याचा हात देऊन, घडीच्या पुस्तकांत. १२ जुलै १५६२ रोजी मानी गावात दिएगो दे लांदा या स्पॅनिश पाद्र्यानं ती पुस्तकं आणि मूर्ती जाळल्या. लोकांना टांगून, झोडपून कबुल्या घेतल्या, काही त्यातच मेले. आज जगात माया पुस्तकं चार उरली. ड्रेस्डेन, माद्रिद आणि पॅरिस इथं एकेक, आणि चौथं मेक्सिकोत, जे खरं असल्याचं २०१८ साली जाहीर झालं. पुढं याच लांदानं माया लोकांच्या चालीरीतींवर ग्रंथ लिहिला, आणि अभ्यासकांना त्याच्याच ग्रंथाचा आधार घ्यावा लागतो. पुस्तक जाळणाराच इतिहासकार झाला. त्याच्या टिपणांतल्या अक्षरांचा धागा धरून युरी नोरोझोव या सोव्हिएत अभ्यासकानं १९५२ साली माया लिपी वाचायची वाट उघडली. जाळणाऱ्याच्या हातून सुद्धा पुरावा सुटला, एवढंच समाधान.

दुपार झाली. बस पोहायच्या जागी आली. इक किल नावाचं सेनोते, पिरॅमिडपासून जवळच. जिना उतरून खाली जायचं, पाणी जमिनीखाली सव्वीस मीटर. वरून वेली लोंबतात, उन्हाची तिरीप पाण्यात पडते. पाहुणे उड्या मारतात. मारू देत. पाण्यात उतरलेल्या माणसाच्या आनंदावर माझा राग नाही. पण पाणी काय चीज असते हे आपल्याला कुणी शिकवायला नको. उत्तर युकातानात जमिनीवर नदी नाही. पाऊस पडला की चुनखडीतून थेट खाली मुरतो आणि भुयारांतून वाहतो. भुयाराचं छत कोसळलं की सेनोते होतं. त्यातल्या कितीतरी विहिरी अर्धवर्तुळात आहेत, कारण सहा कोटी साठ लाख वर्षांपूर्वी तिथं आकाशातून पडलेल्या दगडाच्या दणक्यानं खालचा खडक भंगला होता. तिथली गावं वसली ती या विहिरींच्या आधारानं. विहीर गेली की गाव गेलं.

आणि विहीर जायची वेळ आजही येते. ओमून नावाच्या माया गावाशेजारी ४९ हजार डुकरांचा कारखाना उभा राहिला. त्याची घाण खडकातून खालच्या पाण्यात जाणार, हे गावाला कळत होतं. गावानं विरोधात कौल दिला. गावच्या मुलांच्या नावानं दावा लागला. २०१८ साली न्यायालयानं काम थांबवलं, आणि २०२१ साली मेक्सिकोच्या सर्वोच्च न्यायालयानं ती स्थगिती कायम केली. जी पोरं एके काळी पाण्यासाठी देवाला दिली जात होती, त्यांच्याच वंशातली पोरं पाण्यासाठी कोर्टात उभी राहिली. मला हा त्या मुलुखाच्या इतिहासातला सगळ्यात मोठा पालट वाटतो. पण सहलीच्या कार्यक्रमपत्रिकेत तो बसत नाही.

शेवटचा मुक्काम वायादोलिद. पिवळ्या भिंती, चर्च, आईस्क्रीम. याच गावात २६ जुलै १८४७ रोजी मानुएल आन्तोनिओ आय या माया पुढाऱ्याला मारलं. चार दिवसांत तेपिच गावापासून उठाव पेटला. सेसिलिओ ची, हासिंतो पात हे त्याचे म्होरके. गोऱ्या जमीनदारांनी आपसातल्या लढायांत माया शेतकऱ्यांच्या हाती बंदुका दिल्या होत्या, करमाफीचं वचन दिलं होतं, आणि मग वचन विसरले. उसाच्या मळ्यांसाठी गावच्या जमिनी गिळल्या. चर्चचा वेगळा कर होताच. १८४८ साली बंडवाले राजधानी मेरिदाच्या जवळ पोचले होते. पकडलेल्या माया लोकांना क्युबाच्या मळ्यांत विकलं गेलं, ते १८६१ साली बंद झालं. पुढं जंगलातल्या एका सेनोतेकाठी १८५० साली 'बोलणारा क्रूस' प्रकट झाला. त्याच्याभोवती चान सांता क्रूझ हे बंडवाल्यांचं गाव उभं राहिलं, ते १९०१ साली फौजेनं घेईपर्यंत टिकलं. पन्नासावर वर्षं!

या युद्धाला इतिहासात नाव काय? 'गेर्रा दे कास्तास', म्हणजे जातींचं युद्ध. हा 'कास्ता' शब्द आपल्या ओळखीचा आहे. पोर्तुगीजांनी सोळाव्या शतकात तोच शब्द आपल्या किनाऱ्यावर आणला, आपल्या जातिव्यवस्थेला लावला, आणि त्यावरून इंग्रजांचा 'कास्ट' झाला. दोन्हीकडची व्यवस्था एकच होती असं मी म्हणत नाही. तिकडं रक्ताच्या मिसळीवरून पायऱ्या होत्या, आणि पैशानं, लग्नानं माणूस कधीमधी पायरी बदलायचा. आपल्याकडं तेवढीही फट नव्हती. मुद्दा नावाचा आहे. हे नाव राज्य करणाऱ्यांनी दिलं. जमीन आणि कराचं भांडण होतं, त्याला रक्ताचं भांडण म्हटलं, म्हणजे जमिनीचा हिशेब द्यायला नको. लढणारे स्वतःला 'मासेवाल' म्हणवत, म्हणजे साधी रयत.

बंड थकलं तिथं दोर आला. हेनेकेन नावाच्या काटेरी पातीचा धागा. आपल्या बांधावरची घायपात तिची बहीणच. पात्याचा गर खरवडायचा, तंतू वाळवायचे, सुतळी वळायची. अमेरिकेत गव्हाच्या पेंढ्या बांधणाऱ्या यंत्राला ही सुतळी लागायची. मेरिदात मळेवाल्यांचे वाडे उठले. मळ्यावर माया मजूर कर्जानं बांधलेले. मजुराच्या लग्नाला मालक पैसे द्यायचा, ते 'मोठ्या खात्यात' चढायचे आणि ते खातं मरेपर्यंत फिटायचं नाही. १९१५ साली राज्यपाल साल्व्हादोर आल्व्हारादोनं ही कर्जाची गुलामी मोडून काढली. मी धागा हाताळणारा माणूस आहे. धागा तुटला की सांधायचा एवढं रोज करतो. पण एका सुतळीच्या टोकाला अमेरिकेतला गहू आणि दुसऱ्या टोकाला माणसाचा गळा, हे वाचलं तेव्हा हातातल्या बॉबीनकडं वेगळ्या नजरेनं बघितलं.

१९२२ साली फेलिपे कार्रिओ पुएर्तो राज्यपाल झाला. त्यानं पहिलं भाषण माया भाषेत केलं. १९२३ साली त्याच्या कारकिर्दीत चिचेन इत्झाला जाणारा रस्ता खुला झाला. माया माणसानं येऊन आपल्या बापजाद्यांचं काम बघावं, ही त्याची इच्छा. ३ जानेवारी १९२४ ला त्याला गोळ्या घातल्या. रस्ता राहिला, आणि त्यावरून पाहुण्यांच्या बसगाड्या आल्या. चान सांता क्रूझला पुढं त्याचंच नाव दिलं. तिथंच मे २०२१ मधे मेक्सिकोच्या राष्ट्राध्यक्षानं माया लोकांची माफी मागितली. माफी मागायला समोर माणसं होती, हे ध्यानात ठेवा.

तर माया कुठंच गेले नाहीत. त्यांची पुस्तकं जाळली, जमीन काढून घेतली, विहिरी घाण करायला निघाले, आणि वर सांगितलं की ते गूढरीत्या नाहीसे झाले. ज्याची जमीन घेतली तो जिवंत असेल तर परत मागतो, म्हणून त्याला इतिहासात आधीच मारून टाकायचं. पुढं कुठंही, कुठल्याही देशाच्या पुस्तकात, 'नाहीसे झालेले लोक' असं छापलेलं दिसलं तर दोन गोष्टी विचारा. त्यांची जमीन आज कुणाच्या नावावर हाय? आणि त्यांच्या विहिरीचं पाणी कोण पितंय?