मुंबईच्या ट्रामचे कामगार : कारखान्याच्या भिंतीबाहेर

मराठी साहित्यात कामगार म्हटला की गिरणी कामगारच डोळ्यांसमोर येतो. मामा वरेरकरांच्या ‘धावता धोटा’पासून (१९३३) नारायण सुर्वे यांच्या ‘माझे विद्यापीठ’पर्यंत (१९६६) हा धागा आम्हीही वर्गात उलगडून दाखवतो. त्याच शहरात, त्याच काळात रस्त्यावर राबणारा ट्रामचा कामगार मात्र या धाग्यात कुठेच ओवलेला दिसत नाही. याचे एक कारण साहित्यापेक्षा कायद्यात शोधावे लागेल, असे आम्हांला वाटते.

मुंबईत घोड्यांची ट्राम ९ मे १८७४ रोजी सुरू झाली. एक मार्ग कुलाबा ते पायधुणी, दुसरा बोरीबंदर ते पायधुणी. (१९८१ पर्यंत आमचे माणगावही ‘कुलाबा’ जिल्ह्यातच होते, पण त्या जिल्ह्याचे नाव अलिबागच्या जलदुर्गावरून आलेले.) भाडे आरंभी तीन आणे होते, पुढे दोन आणे झाले. कंपनीच्या तबेल्यात ९०० घोडे होते, हे ट्रामच्या प्रत्येक इतिहासात वाचायला मिळते. घोड्यांना उन्हाळ्यात टोप्या घालत, हेही कौतुकाने सांगितले जाते. त्यांना दाणावैरण घालणारे, खरारा करणारे, थकलेली जोडी सोडून दुसरी जुंपणारे हात या कौतुकात येत नाहीत.

१८८१ चा फॅक्टरी कायदा लागू झाला तो यांत्रिक शक्तीवर चालणाऱ्या आणि शंभर वा अधिक माणसे कामाला असलेल्या कारखान्यांना. घोडा ही यांत्रिक शक्ती नव्हे, आणि रस्ता हा कारखाना नव्हे. १० जून १८९० रोजी नारायण मेघाजी लोखंडे यांच्या चळवळीला यश आले आणि गिरणीमालकांनी रविवारची सुट्टी मान्य केली. ही घटना कामगार-इतिहासात मानाने नोंदली जाते, तशी ती नोंदली जायलाच हवी. पण गिरणीचा भोंगा रविवारी थांबला तरी ट्राम थांबत नव्हती. इतरांची सुट्टी हाच ज्याच्या कामाचा दिवस, त्याच्यासाठी सुट्टी कशी मागायची, हा प्रश्न गिरणीच्या मागण्यांत बसणारा नव्हता.

७ मे १९०७ रोजी विजेची ट्राम धावली, १९२० मध्ये दुमजली ट्राम आली. तबेला गेला, ड्रायव्हर आणि कंडक्टर राहिले. कंडक्टरचे दुखणे निराळे. घोड्यांच्या ट्रामवर सुरुवातीला तिकीटच नव्हते. फुकटे प्रवासी वाढले म्हणून त्याच वर्षी ते आले. संशय प्रवाशाचा, पण हिशेब कंडक्टरचा, अशी ही रचना होती. गिरणीत कापड बिघडले तर डोळ्यांना दिसते. इथे चूक म्हणजे कमी भरलेला आणा, आणि तो चूक की चोरी हे ठरवणार वरिष्ठ.

म्हणूनच १९३६ च्या वेतन अदायगी कायद्यातली दंडाची कलमे आम्हांला महत्त्वाची वाटतात. कोणत्या चुकीला दंड होईल ते आधी जाहीर करावे, कामगाराचे म्हणणे ऐकून घ्यावे, दंड वेतनाच्या रुपयामागे अर्ध्या आण्याहून अधिक नसावा आणि ती रक्कम कामगारांच्याच हितासाठी खर्चावी. या कायद्यात ‘औद्योगिक आस्थापना’ म्हणजे काय हे सांगताना पहिलेच नाव ट्रामचे आहे. पण गंमत पाहा : कायदा थेट लागू झाला तो कारखान्यांना आणि रेल्वेला. ट्रामसारख्या आस्थापनांना तो लावायचा तर प्रांतिक सरकारने तीन महिन्यांची सूचना देऊन अधिसूचना काढायची. यादीत नाव पहिले, दाराबाहेर मात्र उभेच.

७ ऑगस्ट १९४७ रोजी ट्राम महापालिकेकडे आली, तेव्हा कामगारांचा मालक बदलला. अवघ्या सोळा-सतरा वर्षांत, ३१ मार्च १९६४ रोजी, बोरीबंदर ते दादर अशी शेवटची ट्राम धावली. तिला निरोप द्यायला गर्दी लोटली होती. निरोपाच्या आठवणींत घंटेचा आवाज असतो, रस्त्यावरचे रूळ असतात. उभ्याने कंट्रोलर आणि ब्रेक सांभाळणाऱ्या ड्रायव्हरच्या हाती सुकाणूचे चाक कधीच नव्हते, आणि बसला ते चाकच लागते. कंडक्टरला बसमध्येही तिकीटच फाडायचे होते. ड्रायव्हरचे कसब मात्र रुळांबरोबरच निरुपयोगी झाले.

माणगावहून मुंबईला जाणारा चाकरमानी आजही ‘दादर टी. टी.’ला उतरतो. त्यातला पहिला ‘टी’ ट्रामचा.