ठिपक्यांचा फ्रॉक

माझे वडील, आम्ही त्यांना अण्णा म्हणायचो, होर्डिंग रंगवायचे. गिरगावात आमच्या चाळीच्या मागच्या अंगणात पत्रे मांडलेले असत आणि शाळेतून आल्यावर कुठे पाय ठेवायचा ते आधी बघावं लागे. एजन्सीकडून हातभर कागदावर आर्टवर्क यायचं. अण्णा त्याच्यावर पेन्सिलीने इंचाइंचाच्या चौकटी आखायचे. मग गेरूत बुडवलेली सुतळी पत्र्यावर ताणून धरायची, मधोमध चिमटीत उचलायची आणि सोडायची. फट्ट आवाज होऊन पत्र्यावर लाल रेघ उठे. अशा फुटाफुटाच्या चौकटी पडल्या की कागदाच्या एका चौकटीत जे असेल ते पत्र्याच्या एका चौकटीत उतरवायचं.

साबणाच्या जाहिरातीतला बाईचा चेहरा असला तर अण्णांचे तीन-तीन दिवस जात. गालावरची सावली, ओठांवरची चमक, सगळं जवसाच्या तेलात रंग मुरवून आणायचं, आणि एवढं करून एक डोळा किंचित खाली आला तर सगळी मेहनत वाया. अमूलच्या मुलीला मात्र एक दिवस पुरायचा. सपाट रंग, ठसठशीत काळी रेघ, निळे केस, पांढऱ्या फ्रॉकवर लाल ठिपके. ठिपके भरायचं काम माझं. एका टोकाला खिळा, दुसऱ्या टोकाला पेन्सिल बांधलेला दोरा. खिळा रोवायचा, फिरवायचं आणि लाल रंग भरायचा.

पुढे मी स्वतः कमर्शियल आर्टिस्ट झालो आणि या मुलीची गोष्ट नीट वाचली, तेव्हा कळलं की तो एक दिवस योगायोगाने पुरत नव्हता. ज्यांनी ती मुलगी घडवली त्यांनी अण्णांसारख्यांचा विचार आधीच केला होता.

ती घडवणाऱ्यांत पहिलं नाव सिल्व्हेस्टर दाकुन्हा यांचं. मूळ गोव्याचं ख्रिस्ती घराणं, वाढलेलं मुंबईत. भाऊ जर्सन हेही जाहिरातीतलं आणि इंग्रजी रंगभूमीवरचं मोठं नाव. पत्नी निशा झेवियर्स कॉलेजात इंग्रजी शिकवायच्या, कथा लिहायच्या. १९६६ साली सिल्व्हेस्टर एएसपी नावाच्या एजन्सीत होते, तेव्हा अमूल बटरचं काम त्यांच्याकडे आलं.

त्या वेळचा बाजार डोळ्यांपुढे आणायला हवा. मुंबईत बटर म्हणजे पोल्सन. आणंदला शेतकऱ्यांचा सहकारी संघ १४ डिसेंबर १९४६ रोजी नोंदला गेला होता, पुढे या संघाची धुरा सांभाळणारे वर्गीस कुरियन १९४९ मध्ये तिथे पोहोचले होते, पन्नाशीच्या दशकात अमूल हे नावही आलं होतं. पण पोल्सनचं बटर आंबवलेल्या सायीचं, खारट, वासाचं, आणि लोकांची जीभ त्यालाच सरावलेली. म्हशीच्या ताज्या दुधाचं अमूल पांढरंफटक आणि अळणी निघालं. शेवटी त्यात मीठ आणि रंग घालावा लागला. जाहिरात कशी होती? अतिशय शुद्ध दुधापासून, अतिशय स्वच्छ परिस्थितीत, गुजरातमधल्या सहकारी डेअरीत बनवलेलं, अशा थाटाची. एकेक शब्द खरा, पण वाचून कुणाच्या तोंडाला पाणी सुटणार?

‘अटर्ली बटर्ली डिलिशस’ ही ओळ घरातल्या गप्पांतून निघाली. निशाबाईंनी ‘अटर्ली अमूल’ असं काहीतरी सुचवलं आणि सिल्व्हेस्टरनी त्याला ‘बटर्ली’ जोडलं. इंग्रजी व्याकरणात बसत नाही म्हणून नाकं मुरडली गेली. कुरियननी ती जाऊ दिली. पोल्सनकडे एक मुलगी होती, तिच्यासमोर उभी राहील अशी खट्याळ मुलगी कुरियनना हवी होती. ती कला दिग्दर्शक युस्टेस फर्नांडिस यांनी काढली. कुरियनच्या अटी दोन: लक्षात राहिली पाहिजे आणि काढायला सोपी पाहिजे. जाहिरात मुख्यतः रस्त्यावर, होर्डिंगवर होणार होती, ती हाताने रंगवली जाणार होती आणि वारंवार बदलावी लागणार होती. म्हणून नक्षी नाही, सावल्या नाहीत. कुठल्याही गावच्या पेंटरने काढली तरी ती तीच मुलगी दिसावी.

ही अट वाचली तेव्हा माझ्या डोळ्यांत पाणी आलं. अण्णांच्या सगळ्या आयुष्यात त्यांच्या हाताचा, त्यांच्या वेळेचा विचार करून काढलेलं असं दुसरं आर्टवर्क आल्याचं मला आठवत नाही. अण्णा तिच्याबद्दल एवढंच म्हणायचे, ‘हे ज्यानं काढलंय ना, त्याला परांचीवर उभं राहणं माहीत आहे.’

ऑक्टोबर १९६६ मध्ये मुंबईत होर्डिंगांवर आणि दिव्याच्या खांबांवरच्या पाट्यांवर ती पहिल्यांदा लागली. रेसच्या घोड्यावर बसलेली मुलगी आणि ‘थरोब्रेड’ हा शब्द: जातिवंत घोड्याच्या इंग्रजी शब्दात पाव घुसवलेला. पहिलं वर्ष असंच गमतीजमतीचं गेलं. मग दाकुन्हांनी तिला चालू घडामोडींवर बोलायला लावलं, आणि जाहिरातीच्या धंद्यातलं त्यांचं खरं मोठेपण मला इथेच दिसतं. त्याआधी होर्डिंग एकदा लागलं की रंग उडेपर्यंत राही. त्यांनी त्याला तारीख दिली, वर्तमानपत्रासारखी. मंजुरीसाठी आणंदच्या फेऱ्या घालत बसलं असतं तर विषय शिळा झाला असता. कुरियननी सांगून टाकलं होतं की आधी मला दाखवायची गरज नाही. गिऱ्हाइकाने एजन्सीवर टाकलेला एवढा विश्वास मी माझ्या चाळीस वर्षांच्या नोकरीत एकदाही पाहिला नाही.

१९६९ मध्ये हरे राम हरे कृष्णचं वेड शहरात शिरलं तेव्हा ‘हरी अमूल हरी हरी’ लागलं. त्याच वर्षी दाकुन्हांनी स्वतःची एजन्सी काढली आणि अमूलचं काम त्यांच्याबरोबर तिकडे गेलं. कलकत्त्यात मोर्चे निघत होते, तिथे ‘चोलबे ना, चोलबे ना’ झालं: अमूलशिवाय पाव चालणार नाही. गणपतीत मुंबईत ‘गणपती बाप्पा मोरे घ्या’ लागलं. त्यात मराठीतलं ‘घ्या’ आणि इंग्रजीतलं ‘मोर’ होतं. शिवसेनेने ते उतरवायला सांगितलं. मी आजही ती ओळ वाचतो तेव्हा मला त्यात देवाची टिंगल दिसत नाही. प्रसाद आणखी मागणारं पोर दिसतं. पण ज्यांना लागलं त्यांना लागलं.

या सगळ्यांत मला सर्वांत धाडसाचं वाटतं ते १९७६ चं. आणीबाणी चालू, वर्तमानपत्रांवर सेन्सॉर, खेड्यापाड्यांत सक्तीची नसबंदी. अशा वेळी मुलगी बटरचं ताट घेऊन उभी आणि इंग्रजीत लिहिलेलं: आम्ही पहिल्यापासून सक्तीचं ‘स्टरिलायझेशन’ करत आलो आहोत. दूध निर्जंतुक करणं आणि माणसाची नसबंदी करणं, दोन्हीला इंग्रजीत हा एकच शब्द. मराठीत ही कोटी होणारच नाही. संपादकांना जे छापता येत नव्हतं ते रस्त्यावर, उजेडात, बटरच्या नावाखाली लागलं होतं.

बातमी संध्याकाळची असेल तर आर्टवर्क दिवेलागणीनंतर यायचं. मग अंगणात गॅसबत्ती लागे. आई म्हणायची, ‘अहो, दोन घास खाऊन घ्या आधी.’ अण्णा म्हणायचे, ‘उद्या सकाळी लोक ऑफिसला निघायच्या आत वर गेलं पाहिजे.’ पहाटे हातगाडीवर पत्रे चढवायचे, अजून ओले असायचे म्हणून मधे बांबूच्या कामट्या घालायच्या.

नव्वदच्या दशकात काम सिल्व्हेस्टर यांचे चिरंजीव राहुल यांच्याकडे गेलं. त्यांच्याबरोबर लेखक म्हणून मनीष झवेरी आणि चित्रकार म्हणून जयंत राणे ही नावं वर्षानुवर्षं जोडली गेली. युस्टेस फर्नांडिस २०१० मध्ये गेले, कुरियन २०१२ मध्ये, सिल्व्हेस्टर दाकुन्हा जून २०२३ मध्ये. त्या दिवशी बातम्यांत त्यांचा फोटो दाखवला. मला पटकन ओळखता आला नाही. आमच्या घरी त्यांचं नाव रोजचं होतं, चेहरा कधी पाहिलाच नव्हता.

अण्णा त्यांच्या बऱ्याच आधी गेले. पण फ्लेक्स त्यांनी पाहिला. आमच्या भागातल्या एका जागेवर छापलेली जाहिरात पहिल्यांदा लागणार होती. गुंडाळी आली, चार पोरं वर चढली, अर्ध्या तासात चारही कोपरे ताणून बांधून खाली उतरली. अण्णा हात मागे बांधून समोरच्या फुटपाथवर उभे होते. मी म्हटलं, ‘चला, ऊन लागतंय.’ ते म्हणाले, ‘थांब रे जरा.’ ओठ हलत होते. रिबिनीवरचे ठिपके मोजून झाल्यावर ते फ्रॉककडे वळले.