पैऱ्याचा गूळ

आमचं गुऱ्हाळ पंचगंगेच्या काठाला होतं. दिवाळीनंतर लागायचं ते शिमग्यापर्यंत. चरक किर्लोस्करवाडीचा, लोखंडी. चरक आमचा, पण तो ओढणारी बैलं एकट्या आमची नव्हती. रात्रभर एक जोडी टिकत नाही, बदलावी लागते. म्हणून पैरा. आज चार घरची माणसं-बैलं आमच्या उसाला, उद्या आम्ही त्यांच्या. पैसा मध्ये नाही. कुणाचे किती दिवस फेडायचे राहिलेत, ते आजीला तोंडपाठ. शाळू काढायलाही हाच पैरा चाले.

रस चुलवाणावर चढला की गुळव्या त्यात भेंडीच्या खोडाचा चीक सोडायचा. तो चीक रसातली घाण धरून वर आणतो. ती मळी झाऱ्यानं काढत राहायची. खाली वाळकी चिपाडं धडधडत. आधी पांढरा फेस उसळे, मग रस घट्ट होऊन जड बुडबुडे फुटू लागत. काकवी काढायची ती याच वेळी. शेजाऱ्यापाजाऱ्यांच्या किटल्या तिथं आधीच येऊन बसलेल्या असत आणि त्या भरल्याशिवाय आजी पुढं सरकू देत नसे. गुळव्या थोडा पाक गार पाण्यात टाकून बोटांनी वळून बघे. गोळी झाली की हाक: "उतरा!" जरा उशीर, की आधण करपलं. दांडे घालून सहा-आठ गडी काईल उचलत आणि वाफ्यात ओतत. तेवढे हात कुठल्याच एका घरात नव्हते.

रवे बैलगाडीतून शाहूपुरीला जात. शाहू महाराजांनी १८९५ साली वसवलेली ही पेठ. २०१४ साली भौगोलिक मानांकन मिळालेल्या कोल्हापुरी गुळाचं नाव तिथल्या व्यापारानंच दूरवर नेलं.

मी दहा वर्षांची असताना चरकाला इंजिन लागलं. बैलांच्या माना सुटल्या याचा मला फार आनंद झाला. पण बैलं नकोत म्हटल्यावर बैलांमागची माणसंही यायची थांबली. काईल उतरायला रोजंदारीचे गडी आले. पुढं ऊसच कारखान्याला जाऊ लागला आणि चुलवाण बुजलं. पैरा इंजिनानं मोडला असंच मला वाटतं, कारखाना नंतरचा.

आजी शेवटपर्यंत सांगायची, "वरच्या आळीचे आपल्याकडं दोन दिवस राहिल्यात." ती गेली त्या माघात त्यांचा शाळू काढायला झाला होता. मी विळा घेऊन दोन दिवस गेले.