मारोती, बजरंग आणि एक वज्र

सौंसरजवळच्या जामसावळीला देवळाबाहेर नारळाच्या दुकानापाशी पाच मिनिटं उभं राहा. पाटीवर लिहिलेलं असतं 'बजरंगबली' आणि गिऱ्हाईक म्हणत असतं, "मारोतीले चढवाचा हाये, चांगला नारळ द्या जी." १९५६च्या राज्यपुनर्रचनेत हा मुलूख मध्य प्रदेशातच राहिला आणि ५ ऑक्टोबर २०२३ला पांढुर्णा व सौंसर या दोन तहसिलींचा मिळून पांढुर्णा जिल्हा झाला. तेव्हा पाटी हिंदीत आणि तोंड मराठीत, याचं इथं कुणाला नवल नाही. मला नवल वाटतं ते त्या दोन नावांचं. मारोती म्हणजे मारुती, मरुतांच्या कुळातला. मरुत म्हणजे वादळ. बजरंग म्हणजे वज्रांग. वज्र हे त्याच वादळाचं हत्यार. एकाच देवाला कुणी वादळाच्या नावानं हाक मारतं, कुणी हत्याराच्या.

ऋग्वेदात हे हत्यार त्वष्ट्यानं इंद्राला घडवून दिलं. शंभर पेरांचं, हजार टोकांचं. बहुतेक ठिकाणी ते धातूचं आहे, पण क्वचित नुसता दगडच. दगडाचं हत्यार होतं हे पांढुर्ण्याच्या माणसाला सांगायला नको. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी गोटमारीत जाम नदीच्या एका काठावरून पांढुर्णा आणि दुसऱ्यावरून सावरगाव गोटे हाणतात. इंद्राचा सामना वृत्राशी होता. वृत्रानं पाणी अडवून धरलं होतं. इंद्रानं वज्र हाणलं, मरुत सोबतीला होते, पाणी सुटलं. मे महिन्यात कपाशीच्या रिकाम्या वावरात उभं राहून पाहिलं तर हीच कथा त्याच क्रमानं घडते: कोंडलेला उकाडा, काळं आभाळ, धुळीची वावटळ, कडाका आणि मग पाणी.

शब्द मात्र वेदापेक्षाही जुना असावा. इराणी अवेस्तात मिथ्राच्या हाती 'वझ्र' नावाची गदा आहे. त्याहून गंमत फिनलंडची. तिथली भाषा आपल्या भाषाकुळातली नाही, पण तिथं हातोड्याला 'वासारा' म्हणतात. हा शब्द हजारो वर्षांपूर्वी भारत-इराणी बोलणाऱ्या शेजाऱ्यांकडून उसना गेला, असं भाषाशास्त्रज्ञ मानतात. आपल्याकडे देवाच्या हाती राहिलेलं वज्र तिकडे लोहाराच्या हाती गेलं.

दधीची ऋषीच्या हाडांचं वज्र झालं, ही गोष्ट सगळ्यांना ठाऊक आहे. ऋग्वेदात तिची एक त्रोटक खूण सापडते. ऋषीनं आपणहून देह दिला, ही कथा महाभारत-पुराणांनी फुलवली. मूळ हत्याराला तिची गरज नव्हती, असं माझं मत; पण लोकांच्या मनात तीच रुजली. सावित्रीबाई खानोलकर या स्वित्झर्लंडमध्ये जन्मलेल्या, मराठी लष्करी अधिकाऱ्याशी लग्न करून इथल्या झालेल्या. त्यांनी परमवीर चक्राची आखणी केली तेव्हा मधल्या राजमुद्रेभोवती चार वज्रं घातली, ती दधीचीच्या त्यागासाठी. २६ जानेवारी १९५०ला ते पदक सुरू झालं.

आता मारोतीकडे. पुराणं सांगतात की दितीच्या पोटातल्या गर्भाचे इंद्रानं वज्रानं ४९ तुकडे केले, ते रडू लागले तेव्हा 'मा रुद', रडू नका, म्हणाला आणि ते मरुत झाले. व्युत्पत्ती म्हणून ही ओढूनताणून आणलेली. पण वादळ आणि वज्र यांचं नातं तिनं रक्ताचं केलं. रामायणात हाच इंद्र वाऱ्याच्या पोरावर वज्र फेकतो. सूर्याकडे झेपावलेलं पोर पर्वतावर आदळतं, त्याची डावी 'हनु' मोडते. हनु म्हणजे जबडा. आपल्या हनुवटीत तो शब्द अजून आहे. वायू रुसतो, जगाचा श्वास कोंडतो, देव घाबरून वर देऊ लागतात. इंद्राचा वर असा की यापुढे माझं वज्र याला बाधणार नाही. ज्याच्यावर हत्यार चाललं, त्याचंच अंग पुढे हत्यारासारखं ठरलं. वज्रांगाचा 'व' उत्तरेच्या तोंडी 'ब' झाला, जोडाक्षर सुटलं आणि बजरंग आला.

तोवर शब्दाचा अर्थही सरकला होता. संस्कृतात वज्र म्हणजे हिराही. गडचिरोलीचं वैरागड हिऱ्यांच्या खाणींसाठी नावाजलेलं होतं. त्या नावातला 'वैर' म्हणजे प्राकृतातून आलेलं वज्रच, भांडण नव्हे. मराठीत आज वज्रमूठ, वज्रलेप, वज्रनिश्चय, गळ्यातली वज्रटीक. कठीणपणा तेवढा उरला, कडकडाट गेला.

जामसावळीचा मारोती पिंपळाखाली आडवा आहे. गावची कथा अशी की मूर्ती आधी उभी होती, चोर खाली पुरलेलं धन उकरायला आले तेव्हा ती निजली. दुसरी कथा म्हणते, संजीवनी नेताना देव इथं विसावला. वज्र लागून पडलेल्या पोराची आठवण तिथं कुणी काढत नाही; ती माझ्याच डोक्यात येते.

हत्यार मात्र अजून चालू आहे. वीज पडून माणसं दगावणाऱ्या राज्यांत मध्य प्रदेश दरवर्षी वरच्या रांगेत असतो. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय मौसम विज्ञान संस्थेनं 'दामिनी' नावाचं ॲप काढलं आहे, ते जवळपासच्या विजेचा इशारा देतं. फोनवर घेऊन ठेवा. ईज कडाडू लागली की संत्र्याच्या झाडाखाली थांबू नका, पक्क्या घरात शिरा. घर लांब असेल तर मोकळ्यावर पाय जुळवून उकिडवे बसा. आडवे पडू नका. ती मुभा जामसावळीच्या मारोतीला आहे, तुम्हाआम्हाला नाही.